खझद-दूमची दिवसपाळी

मिथ्रिलचा भाव टोल्किनने सांगून ठेवला आहे: सोन्याच्या दसपट, आणि खाण बंद पडल्यावर अमोल. 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या पहिल्या खंडात (१९५४) मोरियाच्या अंधारातून वाट काढताना म्हातारा जादूगार गॅन्डाल्फ सोबत्यांना ही माहिती देतो. रूप चांदीचं, पण हा धातू चांदीसारखा काळा पडत नाही. ठोकायला तांब्याइतका सोपा, घासला की काचेसारखा लखलखीत. आणि बुटक्यांच्या, म्हणजे ड्वार्फांच्या हाती पडला की वजनाला हलका, तरी पाणी दिलेल्या पोलादाहून टणक. गॅन्डाल्फ गुण सांगतो, किंमत सांगतो, गिऱ्हाइकं कोण तेही सांगतो. हा धातू खणून घडवण्याचं काम रोज करत कोण होतं आणि त्याचा दिवस कसा जायचा, याबद्दल मात्र चकार शब्द नाही.

कल्पित धातूंचं हे नेहमीचंच आहे. नायक तलवार उपसतो, ती झगमगते, आणि खाणीतला माणूस पुस्तकाबाहेरच राहतो. मला त्या माणसात जास्त रस आहे. म्हणून खझद-दूममधला (मोरियाचं हे भरभराटीच्या काळातलं नाव) एक कामाचा दिवस मी जुळवून पाहिला. जागा, साल आणि धातूचे गुण टोल्किनचे. पाळ्यांचं वेळापत्रक गेऑर्ग आग्रिकोलाचं. सॅक्सनीतला हा वैद्य. खाणकामावरचा त्याचा 'दे रे मेटालिका' हा लॅटिन ग्रंथ १५५६ मध्ये, तो वारल्यानंतरच्या वर्षी, छापून आला. त्यात खाणीचा दिवस सात-सात तासांच्या तीन पाळ्यांत वाटला आहे. उरलेले तीन तास आतबाहेर करायला. कारागीर मात्र माझा, आणि त्याला नाव नाही. टोल्किनचे बुटके आपलं खरं नाव परक्या जमातीला सांगत नाहीत, थडग्यावरसुद्धा कोरत नाहीत. तेव्हा मी विचारलंच नाही.

साल धरू दुसऱ्या युगातलं १५८० च्या सुमाराचं. मोरियात मिथ्रिल सापडल्याची खबर लागून ७५० मध्ये एल्फ (टोल्किनच्या जगातली न मरणारी जमात) शेजारच्या एरेगिओनात येऊन वसले. १६९७ मध्ये टोल्किनच्या खलनायकाने, सॉरॉनने, एरेगिओन बेचिराख केलं आणि बुटक्यांनी आपली दारं लावून घेतली. मधली साडेनऊशे वर्षं दोन्हीकडचे कारागीर एकमेकांच्या दारात ये-जा करत होते. आपला दिवस त्या काळातला.

पहाटे चार

घंटा होते. पहाट झालेली आत कुणाला दिसत नाही. पश्चिमेच्या दारापासून पूर्वेच्या दरवाज्यापर्यंत सरळ रेषेत चाळीस मैल पसरलेलं, मजल्यांखाली मजले असलेलं हे डोंगराच्या पोटातलं शहर. वरच्या मजल्यांवर कड्यात खोदलेल्या झरोक्यांतून उजेड उतरतो, खाली सगळं दिव्यांवर. रात्रपाळी तीनला सुटली आहे. तिची माणसं वर येतात आणि दिवसपाळीची खाली निघतात. आग्रिकोलाच्या पुस्तकातली चित्रं बघा: कुणी शिडीने उतरतोय, कुणी दोराला बांधलेल्या दांडक्यावर बसून, कुणी पार्श्वभागाला कातडं बांधून उतारावरून सरळ घसरतोय. यातली तिसरी तऱ्हा बुटक्यांना आवडली असती असं मला वाटतं, पण ती आपली माझी समजूत.

शीर उत्तरेकडे काराध्रास पर्वताच्या पोटात शिरते आणि खाली खाली जाते. खाणकऱ्याचं सगळं दुखणं या 'खाली'मध्ये आहे. खाली गेलं की पाणी लागतं, हवा कोंडते आणि खडक तापतो. आपल्याकडे कोलारच्या सोन्याच्या खाणीत तीन किलोमीटरहून खोल खडक हाताला पोळायचा. वरून थंड केलेली हवा सोडल्याशिवाय तिथे काम होत नसे. ती खाण २००१ मध्ये बंद झाली. मोरियात थंड हवेची यंत्रं नव्हती. तरीही बुटके उतरत राहिले, कारण वर दसपट भाव होता आणि खाली शीर अजून संपलेली नव्हती.

कड्या विणणारा आपला कारागीर या टोळीबरोबर जात नाही. त्याची कार्यशाळा पश्चिमेच्या दारापासून फार लांब नाही, वरच्या मजल्यावर, झरोक्याखाली. तो या वेळी भट्टी पेटवतो. रात्रीच्या राखेत विस्तव जपलेला असतो, त्यामुळे भात्याचे चार झटके पुरतात.

सहा

रात्रपाळीचा माल वर येतो आणि पारखी बसतो. मिथ्रिल दिसायला चांदीसारखं, ही त्याच्या धंद्यातली पहिली अडचण. मोरियात चांदी नसेलच असं नाही. बुटक्यांना तिथे सोनंनाणं आणि लोखंडही सापडत होतं, पण त्यासाठी त्यांनी एवढा डोंगर पोखरला नसता, कारण ते सगळं व्यापारात मिळायचं. मग समोरच्या दोन पांढऱ्या गोळ्यांतला दसपट मोलाचा कुठला, ते ओळखायचं कसं?

टोल्किनने सांगितलेल्या गुणांतच याची उत्तरं आहेत, फक्त त्याने ती अशी मांडलेली नाहीत. पहिलं, वजन. चांदी पाण्याच्या साडेदहापट जड. मिथ्रिल हलकं, तेव्हा तराजूच निम्मा निकाल देतो. दुसरं, धुरी. चांदीचा तुकडा गंधकाच्या धुरात धरला की काळवंडतो. आपल्या घरातली चांदीची भांडी काळी पडतात तीही हवेतल्या गंधकामुळेच. जो तुकडा धुरातून पांढराच्या पांढरा बाहेर येतो तो मिथ्रिल. माझ्या मनातल्या पारख्याच्या खोलीला म्हणूनच कायम गंधकाचा वास येतो, आणि त्याची बायको त्याला अंघोळ केल्याशिवाय जेवायला वाढत नाही.

इथे जरा थांबून खऱ्या खाणीतली एक गोष्ट सांगायला हवी. सॅक्सनीतल्या चांदीच्या खाणींत एक दगड निघायचा. दिसायला ऐवजाचा, पण भट्टीत घातला की चांदी नाहीच, उलट सोमलाचा विषारी धूर. खाणकरी म्हणत, भुईतल्या खोडकर बुटक्या भुतांनी चांदी चोरून हा दगड ठेवला. त्या भुतांना ते कोबोल्ड म्हणत, आणि अठराव्या शतकात स्वीडनच्या गेऑर्ग ब्रांटने त्या दगडांतून काढलेल्या धातूला कोबाल्ट हे नाव पडलं. खुद्द आग्रिकोलाने जमिनीखालच्या प्राण्यांवरच्या पुस्तकात खाणीतल्या या बुटक्यांची गंभीरपणे नोंद केली आहे. टोल्किनचे बुटके नॉर्स पुराणकथांतल्या लोहारांच्या वंशातले, त्यामुळे चोरीच्या आळातून ते सुटले. हावरेपणाचा आळ मात्र त्यांच्यावर आलाच. त्याकडे रात्री येऊ.

सात ते अकरा

हे चार तास खरे. झरोक्यातून सरळ उजेड येतो तो याच वेळात, म्हणून बारीक काम आत्ता.

हातात आहे एक लहान चिलखत, एका एल्फ राजकुमारासाठी. पोरगेल्या वयाचा, मोठा होणार. एरवी वाढत्या अंगाच्या मुलाला असला महागडा कपडा कुणी शिवत नाही. पण टोल्किनच्या मागाहून छापल्या गेलेल्या टिपणांप्रमाणे एल्फांची मुलं पन्नास वर्षांची होईपर्यंत वाढत असतात, कधी शंभर. तेव्हा हे माप निदान वीसेक वर्षं तरी पुरेल, हा हिशेब गिऱ्हाइकाच्या बापाने केलेला असणार.

चिलखत म्हणजे कड्यांची जाळी. आधी धातूची सळई, मग पोलादी पट्टीतल्या एकाहून एक बारीक भोकांतून ओढत तिची तार; आपले सोनार ओढतात तशीच. तार एका दांडीवर गुंडाळायची, उभा छेद द्यायचा, की कड्यांचा ढीग पडतो. प्रत्येक कडीची दोन्ही टोकं एकमेकांवर आणून चपटी करायची, तिथे सुईएवढं भोक पाडायचं, कडी शेजारच्या चार कड्यांतून ओवायची आणि भोकात खिळी घालून ठोकून बंद करायची. मोठ्या माणसाच्या चिलखताला वीस-तीस हजार कड्या लागतात. लोखंडी असेल तर दहा किलोच्या आसपास भरतं. मिनिटाला एक कडी बंद केली तरी वीस हजार कड्यांना ३३३ तास होतात, सात तासांच्या पाळीने ४८ दिवस. त्यात तार ओढणं धरलेलं नाही, मोडलेल्या कड्या धरलेल्या नाहीत आणि मान अवघडल्यावर उठून मारलेल्या फेऱ्याही नाहीत.

आता या धातूची मेख. ठोकायला तांब्यासारखा मऊ आणि चिलखतात पोलादाहून कठीण, या दोन गोष्टी एकाच धातूत एकाच वेळी कशा राहतील? गॅन्डाल्फचं बोलणं नीट वाचलं तर तो म्हणतो की बुटक्यांना मिथ्रिलपासून तसा कठीण धातू *करता* यायचा. म्हणजे मधे एक क्रिया आहे, आणि ती बुटक्यांनी कुणाला सांगितलेली नाही. टोल्किन इथे जादूचा शब्द वापरत नाही, आणि त्याची गरजही नाही. १९०६ च्या सुमारास आल्फ्रेड विल्म या जर्मन धातुशास्त्रज्ञाने ॲल्युमिनियममध्ये थोडं तांबं आणि मॅग्नेशियम मिसळून ते तापवलं आणि पाण्यात बुडवलं. पोलाद असतं तर तिथल्या तिथे कडक झालं असतं. हा मिश्रधातू मऊच राहिला आणि नुसता ठेवून दिल्यावर काही दिवसांत आपोआप कडक झाला. ड्युराल्युमिन या नावाने तो पुढे विमानांत गेला. विमानांच्या कारखान्यांत असल्या मिश्रधातूंचे काही रिव्हेट बर्फाळ पेटीत ठेवतात, कारण बाहेरच्या हवेत ते घट्ट व्हायला लागतात आणि मग ठोकले तर चिरतात.

माझ्या कारागिराच्या कार्यशाळेत म्हणूनच एका कोनाड्यात डोंगरावरून आणलेल्या बर्फाची परात आहे. काराध्रासवर बर्फाला तोटा नाही. सकाळी तापवून विझवलेल्या कड्या आणि खिळ्या त्या परातीत. मूठभर काढायच्या, भराभर ओवायच्या, ठोकायच्या. मूठ संपायच्या आत खिळ्या हट्ट धरू लागल्या तर उरलेल्या पुन्हा भट्टीत. शिकाऊ पोरगं नेमकं इथे चुकतं. ते मोठी मूठ घेतं.

"किती घेतल्यास?"

"दोन ओळींपुरत्या, काका."

"एका ओळीपुरत्या घे. दुसरी ओळ करायला तू म्हातारा होशील तोवर त्या दगड झालेल्या असतील."

हा संवाद टोल्किनमध्ये शोधू नका. पण कुठल्याही कार्यशाळेत, कुठल्याही धातूच्या बाबतीत, तो याच सुरात झालेला असतो.

अकरा ते बारा

पाळी बदलते. जेवण. बुटके शेती करत नाहीत. धान्य माणसांकडून घेतात आणि बदल्यात हत्यारं-अवजारं देतात. म्हणजे जगातल्या सगळ्यात महाग धातूवर बसलेलं हे शहर दोन वेळच्या भाकरीसाठी बाहेरच्या शेतकऱ्याकडे बघतं. रस्ता बंद झाला की उपास.

दुपारी बारा

एरेगिओनचे एल्फ येतात ते पश्चिमेच्या दाराशी. या दाराची गंमत सांगण्यासारखी आहे. नार्वी या बुटक्याने ते घडवलं आणि त्यावरच्या खुणा केलेब्रिंबॉर या एल्फाने काढल्या: झाडं, मुकुट, तारे, ऐरण, हातोडा, आणि दोघांची नावं. रेघा इथिल्दिनच्या, म्हणजे मिथ्रिलपासून एल्फांनी बनवलेल्या एका पदार्थाच्या. तो फक्त चांदण्यात आणि ताऱ्यांच्या उजेडात दिसतो, तेही ठरावीक शब्द बोलून कुणी हात लावला तरच जागा होतो. सोन्याच्या दसपट भावाच्या धातूची पाटी, आणि भर दुपारी समोर उभं राहिलं तर गुळगुळीत दगड. त्यात त्या काळी हे दार बहुतेक वेळ उघडंच असायचं, बाहेर द्वारपाल बसलेले. मग ते नक्षीकाम बघत होतं तरी कोण? मला वाटतं, नार्वी आणि केलेब्रिंबॉर यांनी ते एकमेकांसाठीच केलं असणार. आपल्या हाताला काय येतं हे समोरच्या कारागिराला दाखवण्याएवढं दुसरं सुख या लोकांना नव्हतं. बुटके आणि एल्फ यांचं वैर टोल्किनच्या जगात प्रसिद्ध आहे. या दाराशी ते काही शतकं विसरलं गेलं होतं, त्याचं श्रेय मी तरी या धातूला देतो.

आज आलेल्या एल्फाला चिलखत नको आहे.

"अंगठीपुरतं हवंय. घडवलेलं नको, नुसता गोळा."

"अंगठीला चांदी चालेल की. कशाला एवढा खर्च करता?"

"चांदी काळी पडते."

"पुसायची मधून मधून."

"फार वर्षं वापरायची आहे," एल्फ म्हणतो. एल्फाच्या तोंडी 'फार वर्षं' म्हणजे किती, याचा अंदाज बुटक्याला येणं कठीण आहे. तो वजन करून देतो, हुंडी घेतो, विषय संपतो.

तीन एल्फ अंगठ्या १५९० मध्ये पुऱ्या झाल्या. त्यांतली नेन्या मिथ्रिलची, एका पांढऱ्या खड्याची. ती गॅलाद्रिएल या एल्फ स्त्रीकडे राहिली आणि तिसऱ्या युगाच्या ३०२१ मध्ये तिच्याबरोबरच समुद्रापार गेली. दुसरं युग ३४४१ वर्षांचं होतं हे धरलं तर हिशेब ४,८७२ वर्षांचा होतो. चांदी खरंच चालली नसती.

दुपारी तीन

उजेड सरकला. आता घासकाम आणि परीक्षा.

पुरं झालेलं एक चिलखत लाकडी ओंडक्याला चढवतात आणि तगडा बुटका त्यावर भाला मारतो. कडी तुटत नाही. कारागीर मात्र कडीकडे बघतच नाही. तो चिलखत वर करून ओंडका बघतो. लाकडात खळगा पडला आहे.

टोल्किनने मिथ्रिलच्या बाबतीत सगळ्यात प्रामाणिक लिहिलं आहे ते इथेच. मोरियातल्या माझरबुलच्या दालनात शत्रूपक्षाचा एक ऑर्क सरदार कथानायक फ्रोडोला भाल्याने भिंतीला खिळवतो. सगळ्यांना वाटतं, पोरगं गेलं. शर्टाखाली मिथ्रिलचं चिलखत असल्यामुळे तो वाचतो. पण पुढे सोबती ॲरागॉर्न त्याचे कपडे काढतो तेव्हा बरगडी आणि छाती काळीनिळी झालेली असते, आणि एका ठिकाणी कड्या आतल्या मऊ कातडी सदऱ्यातून आरपार जाऊन मांसात रुतलेल्या असतात. भाल्याचं पातं अडलं. त्याचा धक्का अडला नाही. उलट चिलखत जितकं हलकं तितका धक्का आतल्या माणसाला जास्त, कारण तो गिळायला जड धातूच नाही. कुठलाही ओतारी-लोहार हे सांगेल. जादूचा धातू हाताशी असूनही लेखकाने हा नियम मोडला नाही.

प्रतापगडाखाली १० नोव्हेंबर १६५९ रोजी जे घडलं त्याची आठवण मराठी वाचकाला इथे झाल्याशिवाय राहत नाही. अंगरख्याखाली चिलखत, वरून कळू नये असं; समोरच्याचा वार त्यावर खरखरून वाया गेला. दोन्हीकडे चिलखताचा अर्धा उपयोग ते दिसत नाही यात आहे. लपवायचं तर ते पातळ आणि हलकं हवं, चालताना वाजता कामा नये. आपल्या कारागिराला म्हणून प्रत्येक कडी आतून-बाहेरून गुळगुळीत करावी लागते: शोभेसाठी कमी, कड्या एकमेकींवर खुळखुळू नयेत म्हणून जास्त. आणि आतल्या कातडी सदऱ्याचं काम शेजारच्या गल्लीतल्या चर्मकाराकडे. मिथ्रिलच्या कथेत त्याचं नाव कुणी घेत नाही, पण फ्रोडोच्या बरगड्या शाबूत राहिल्या त्यात त्याचा वाटा होताच.

संध्याकाळी सात

दिवसाची दुसरी पाळीही संपते. कार्यशाळेत आता झाडलोट, आणि ही झाडलोट म्हणजे हिशेबाचं काम. कानशीची पूड, तारेचे तुकडे, मोडक्या कड्या, भट्टीतली राख, सगळं चामड्याच्या थैलीत. सकाळी किती धातू घेतला, किती चिलखतात गेला, किती थैलीत आला, याचा ताळा लागेपर्यंत कुणी घरी जात नाही. आपल्याकडे सोनारांच्या दुकानांपुढची धूळ गोळा करून धुणारे झारेकरी असतात. त्यांच्या घमेल्याच्या तळाशी सोन्याचे कण उरतात आणि त्यावर घर चालतं. दसपट भावाच्या धातूची धूळ खझद-दूममध्ये बाहेरच्या कुणाच्या हाती लागू देत असतील हे संभवत नाही. राजाचा माणूस थैलीला मोहोर करतो. शिकाऊ पोराचे खिसे उलटे करून बघतात. पोराला त्याचा राग येत नाही; काकांचेही खिसे बघतात.

रात्री आठ

तिसरी पाळी खाली उतरते. आग्रिकोला लिहितो की रात्रपाळीचे खाणकरी झोप येऊ नये म्हणून गातात, आणि ते गाणं कानाला वाईट नसतं.  गरज असल्याशिवाय खाणीचा अधिकारी रात्रपाळी लावू देत नाही, असंही तो सांगतो. मोरियात गरज कधी संपलीच नाही.

पुढचं सगळ्यांना ठाऊक आहे. तिसऱ्या युगाच्या १९८० मध्ये शिरेच्या मागे जाता जाता बुटक्यांनी खोल दडून बसलेल्या बालरॉग या आगीच्या राक्षसाला जागं केलं. त्या वर्षी राजा सहावा ड्युरिन मारला गेला, पुढच्या वर्षी त्याचा मुलगा नाइन, आणि उरलेले पळून गेले. हाव नडली, फार खोल गेले, असा गॅन्डाल्फचा निवाडा. मला तो अर्धवट वाटतो. खणणाऱ्याच्या हावेबद्दल बोलताना दाराशी आलेल्यांचं काय? एल्फ तर या धातूच्या ओढीनेच शेजारी येऊन राहिले. गोंडोरच्या राजवाड्यातल्या कारंज्याच्या रक्षकांना मिथ्रिलची शिरस्त्राणं होती. आणि मोरिया ओसाड पडल्यावर ऑर्क तिथलं मिथ्रिल गोळा करून खंडणी म्हणून सॉरॉनला पोचवत होते. त्यालाही ते हवंच होतं. दसपट भाव बुटक्यांनी एकट्याने ठरवलेला नव्हता. खाली मेले मात्र तेच.

राहिलं ते लहान चिलखत. ते 'द हॉबिट'मध्ये बुटक्यांच्या थोरिनने स्मॉग या ड्रॅगनच्या खजिन्यातून काढून बिल्बो या हॉबिटला दिलं. कुणा कोवळ्या एल्फ राजकुमारासाठी फार पूर्वी घडवलेलं, एवढंच टोल्किनने त्याबद्दल सांगितलं आहे. ते याच कार्यशाळेत विणलं गेलं ही माझी सोय. 'द हॉबिट' १९३७ मध्ये पहिल्यांदा छापलं तेव्हा ते मिथ्रिलचं नव्हतं, चांदीचा मुलामा दिलेल्या पोलादाचं होतं. मिथ्रिल हा शब्द त्या पुस्तकात १९६६ च्या सुधारित आवृत्तीत आला. बिल्बोने ते काही काळ एका संग्रहालयाला उसनं दिलं होतं. शायर या हॉबिटांच्या सगळ्या मुलखापेक्षा, तिथल्या चीजवस्तूंसकट, त्याची किंमत जास्त आहे हे त्याला कुणी सांगितलेलं नव्हतं. नंतर ते फ्रोडोकडे आलं, त्यावरून ऑर्कांची आपसात कत्तल झाली, काळ्या दरवाज्यापुढे सॉरॉनच्या दूताने ते पुरावा म्हणून नाचवलं, आणि शेवटी घरी परतल्यावर सारुमान या दुष्ट जादूगाराने खुपसलेल्या सुरीचं पातं त्यावर मोडलं.

गॅन्डाल्फचं मिथ्रिलवरचं बोलणं पहिल्या खंडातल्या दुसऱ्या भागाच्या चौथ्या प्रकरणात आहे आणि ते दोन परिच्छेदांहून मोठं नाही. पुस्तक घरात असेल तर आधी तेवढंच काढून वाचा. पाळी, मजुरी आणि कातडी सदरा त्यात नाहीत, ते तुम्हाला घालावे लागतील.